भिंतीवरचे बेचाळीस

महापालिकेने चौरस फुटावर पैसे दिले.
निविदेत लिहिलं होतं: रोहित पक्षी, नग बेचाळीस.
पामबीचकडे तोंड करून उभी ती लांब भिंत,
खाली आकाशी, वर गुलाबी,
कोपऱ्यात साहेबांच्या नावासाठी सोडलेली जागा.

दुपारी चाहू नाखवा सायकल टेकवून थांबला.
हँडलला निवट्यांची पिशवी, अजून हलणारी.
बराच वेळ पाहून म्हणाला,
‘गो, यांचं गुरघं उलट्या अंगाला वाकतान.
तू मानसांचं पाय काढलंस.’

पाच वर्षं शरीररचना गिरवली होती मी.
राग आला.
मग शिडीवरून उतरले.

दुसऱ्या दिवशी सुकतीला दिवाळ्याहून
त्याच्याच होडीत, स्केचबुक पिशवीत गुंडाळून.
(तो गुडघा नव्हेच, घोटा असतो,
हे पुढे एका पुस्तकात सापडलं.
तरी नाखवा माझ्यापेक्षा बरोबर होता.)

काढता आलं नाही काही.
पेन्सिल टेकवावी तोवर रांग पुढे सरकलेली,
आणि खालून येणारा तो आवाज,
हजारो चोची चिखल गाळतायत,
गावजेवणाला बायका तांदूळ धुतात तसा.
तो कागदावर कुठे ठेवणार?

इझेल गेलं. दोन मोठी तैलचित्रं गेली
नेरूळच्या एका दातांच्या डॉक्टरकडे.
त्यातून जुना कॅमेरा, आणि एक पाय आखूड असलेला ट्रायपॉड.
आई म्हणाली, निदान लग्नाचे व्हिडिओ तरी कर.
केले.
अकरा लग्नं आणि एक मुंज
म्हणजे एक लांब लेन्स.

भरतीचं कोष्टक नाखवाच्या पेरांवर.
अंगठा फिरवून सांगायचा: अष्टमीला भांग, पुनवेला उधाण,
मधले दिवस तुझे.
चिखलाने माझ्या चार चपला घेतल्या,
मग मीच अनवाणी जाऊ लागले.
तो मला रंगवाली म्हणायचा,
रंग सोडून सहा वर्षं झाली तेव्हाही.

सहा वर्षं कॅमेरा एकाच तिवराशेजारी.
आधी चौकटीत नुसतं पाणी आणि पाय.
मग डाव्या कडेला एक डंपर, खेळण्याएवढा.
मग तिवरच नाही, अंदाजाने जागा शोधली.
शेवटच्या वर्षी भरती आली,
भरावाच्या कडेला लागली,
थोडी घुटमळली,
परत गेली.
ते पाच मिनिटांचं दृश्य आहे, त्यात कुणी बोलत नाही.
एका परीक्षकाने शेरा दिला: संथ.
मी एक चौकटही कापली नाही.

समाजमंदिरात पांढरी चादर लावून दाखवला.
बायका मासळीचे टोप धुऊन आलेल्या.
पक्ष्यांकडे कुणी फारसं पाहिलं नाही,
ते रोजचेच.
नाखवाचे हात जाळं ओढताना दिसले
तेव्हा पोरं ओरडली, ‘आपला आजा!’
आजा मागे खुर्चीत, मान खाली.
डंपर आला तशी एक म्हातारी उठली,
चादरीपाशी गेली, बोट ठेवलं,
‘हय माझी आईस चिंबोऱ्या धरायची.’
चादर हलली. डंपर तिच्या मनगटावरून गेला.

या महिन्यात महापालिकेचा फोन आला.
भिंतीचा रंग उडालाय, नवे दर, तेच काम.
मी आठवडाभर उत्तर दिलं नाही.

पिल्लं राखाडी असतात.
कच्छकडून इथवर उडत येतात तेव्हाही राखाडी.
गुलाबी कुठल्या नळीतून येत नाही,
तो घास घास चिखलातून वर चढतो,
आधी पोटात, मग पिसांत.

होकार कळवलाय.
पाय सगळे नव्याने काढीन.
राखाडीचे आठ डबे मागवलेत, गुलाबीचा एक.
साहेबांच्या जागेचं
अजून काही ठरवलेलं नाही.